मान्यता पूर्ण, निधी हप्त्याने : सरकारी काम घेताना काय पाहावं

‘‘काम पूर्ण झालं, एमबी लिहून झाली, बिलावर सहीही झाली. तरी पैसे नाहीत. निधी आला नाही म्हणतात. निधीच नव्हता तर वर्क ऑर्डर दिली कशी?’’

चोपड्यापासून साक्रीपर्यंत कुठल्याही बांधकाम उपविभागाच्या व्हरांड्यात हा प्रश्न ऐकू येतो. विचारणाऱ्यांत जुने मक्तेदार असतात, नुकतीच नोंदणी झालेले बेरोजगार अभियंते असतात, मजूर सहकारी संस्थांचे सचिव असतात. बहुतेकांचा समज असा की एकदा कार्यारंभ आदेश मिळाला की सरकारने त्या कामाचे सगळे पैसे बाजूला काढून ठेवले. हा समजच माणसाला अडचणीत आणतो. आपल्याकडे कामाला मान्यता पूर्ण रकमेची मिळते, पण पैसा हप्त्या-हप्त्याने येतो. तो किती आणि कधी येईल हे तुमच्या करारात लिहिलेलं नसतं. म्हणून निविदा भरण्यापासून थकलेलं बिल वसूल करण्यापर्यंत तुम्ही काय काय पाहायला हवं ते इथे सांगतो.

आधी चार गोष्टी वेगळ्या ओळखा

- प्रशासकीय मान्यता : हे काम करावं आणि त्यावर अमुक रकमेपर्यंत खर्च करायला हरकत नाही, असा सक्षम अधिकाऱ्याचा आदेश. यात पैसा नसतो.
- तांत्रिक मान्यता : अंदाजपत्रक आणि आराखडा बरोबर असल्याची अभियंत्याची खात्री. यातही पैसा नसतो.
- तरतूद : अर्थसंकल्पात त्या लेखाशीर्षाखाली, म्हणजे ‘हेड’खाली, त्या वर्षासाठी दाखवलेली रक्कम. ती बहुधा कामाच्या पूर्ण किमतीची नसते. मोठ्या कामाला पहिल्या वर्षी अगदी नाममात्र तरतूदही असू शकते.
- वितरित निधी : तरतुदीपैकी जी रक्कम बीम्स या शासनाच्या ऑनलाइन निधी वितरण प्रणालीवरून प्रत्यक्ष विभागाच्या हाती आली ती. बिल निघतं ते फक्त हिच्यातून.

पहिल्या तीन गोष्टी जागेवर असूनही चौथी नसेल तर कार्यकारी अभियंत्याची इच्छा असूनही तुमचं बिल कोषागारात जाऊ शकत नाही. तेव्हा ‘निधी आला का’ असं मोघम विचारू नका. ‘या हेडला यंदा तरतूद किती, आतापर्यंत वितरित किती आणि त्यावर आधीची बिलं किती’ असं विचारा. या तीन आकड्यांत सगळं चित्र कळतं.

केंद्र सरकारच्या सामान्य वित्तीय नियम २०१७ मधला नियम १३६ सांगतो की त्या वर्षाच्या खर्चापुरता निधी उपलब्ध झाल्याशिवाय काम सुरू करू नये. ‘त्या वर्षाच्या’ हे शब्द महत्त्वाचे आहेत. पूर्ण कामाचा निधी आधी हवा असं नियमही म्हणत नाही. म्हणजे हप्त्याने पैसे देणं बेकायदा नाही. तुमचं नुकसान होतं ते ही पद्धत न ओळखता दर भरल्यामुळे.

मान्यता जास्त आणि पैसा कमी, हे होतं कसं

जिल्हा नियोजन समितीचा हिशेब पाहा. एखाद्या हेडला वर्षाची तरतूद १०० कोटी आहे आणि मागच्या वर्षीच्या चालू कामांचं दायित्व, म्हणजे ‘स्पिल’, ४० कोटी आहे असं समजा. उरले ६० कोटी. दायित्व वजा जाता उरणाऱ्या रकमेच्या दीडपट कामं मंजूर करण्याची पद्धत आहे. म्हणजे ९० कोटींच्या नव्या कामांना मान्यता मिळते. जुनी ४० आणि नवी ९० मिळून १३० कोटींची कामं झाली, हाती मात्र १०० कोटी. उरलेले ३० कोटी पुढच्या वर्षाच्या माथी. यामागे विचार असा की सगळी कामं एका वर्षात पूर्ण होत नाहीत, पैसा पडून राहू नये. विचार चुकीचा नाही. पण त्या ३० कोटींत कुणाचं काम येणार हे आधी ठरलेलं नसतं, आणि वेगाने काम करणारा मक्तेदारच त्यात अडकण्याची शक्यता जास्त.

मोठ्या कामांत हे वर्षानुवर्षं चालतं. अमळनेर तालुक्यातला निम्न तापी प्रकल्प, म्हणजे आपलं पाडळसे धरण, १९९९ मध्ये सुरू झालं तेव्हा त्याची मूळ किंमत सुमारे १४२ कोटी होती. दरवर्षी तुटपुंजी तरतूद, तेवढंच काम, पुन्हा वाढीव किंमत, असं होत २०२३ च्या अखेरीस सुधारित मान्यता सुमारे ४,८९० कोटींवर गेली. किंमत वाढायला दरवाढ, भूसंपादन, बदललेला आराखडा अशी अनेक कारणं असतात. तरी पैसा तुकड्यांनी आला की कामाचं काय होतं, हे पाहायला खानदेशातल्या माणसाला लांब जावं लागत नाही.

केंद्राचा हिस्सा असलेल्या योजनांत आणखी एक सांधा वाढतो. जलजीवन मिशनमध्ये महाराष्ट्रासाठी केंद्र आणि राज्य यांचा वाटा निम्मा-निम्मा आहे. २०२४-२५ साठी केंद्राने या योजनेला ७०,१६३ कोटींची तरतूद केली होती, सुधारित अंदाजात ती २२,६९४ कोटींवर आली. आकडा दिल्लीत बदलला आणि गावोगावी टाकीचा स्लॅब टाकून बसलेल्या मक्तेदाराचं रनिंग बिल थांबलं. कामात त्याची काहीही चूक नव्हती.

निविदा भरण्याआधी

निविदेच्या जाड संचात दराचा तक्ता सगळे वाचतात, अटी कमी जण वाचतात. ‘देयक निधीच्या उपलब्धतेनुसार अदा करण्यात येईल, विलंबाबद्दल व्याज किंवा नुकसानभरपाई मिळणार नाही’ अशा अर्थाची एक ओळ त्यात बहुधा असते. ती ओळ सापडली की दर नव्याने काढा. पुढची माहितीही काढा :

१. काम कोणत्या हेडखाली आहे? ३०५४ आणि ५०५४ हे रस्त्यांचे, २५१५ हे ग्रामविकासाचे हेड. राज्याचं, जिल्हा नियोजनचं की केंद्राचा हिस्सा असलेलं, यावर पैशाचा वेग ठरतो.

२. याच हेडखालची मागच्या वर्षाची बिलं अजून बाकी आहेत का? असतील तर आलेला निधी आधी तिकडे जाईल.

३. निधीची मुदत कधी संपते? सार्वजनिक बांधकामसारख्या राज्य विभागाचा न वापरलेला निधी ३१ मार्चला व्यपगत होतो. जिल्हा नियोजनमधून जिल्हा परिषदेला मिळालेला निधी त्या वर्षी आणि पुढच्या वर्षीच्या ३१ मार्चपर्यंत वापरता येतो. नंतर तो शासनाकडे परत जातो.

४. जागा ताब्यात आहे का? वन विभाग, रेल्वे, वीज कंपनी यांची परवानगी बाकी असेल तर निधी असूनही तुमचं बिल होणार नाही आणि तो निधी दुसऱ्या कामाकडे वळेल.

तोंडी उत्तर मिळालं नाही तर माहितीचा अधिकार आहेच. अर्जाला दहा रुपये शुल्क लागतं, उत्तराची मुदत ३० दिवस. महाराष्ट्रात अर्ज एका विषयावर आणि १५० शब्दांत असावा लागतो. म्हणून मत मागू नका, कागद मागा : अमुक हेडची तरतूद, वितरण आणि प्रलंबित देयकांची यादी. निविदेची मुदत छोटी असते, तेव्हा ज्या विभागात तुम्ही नेहमी काम करता तिथला हा अर्ज दर वर्षी एप्रिल-मे महिन्यातच टाकून ठेवा.

आता ‘बिलो’ दराबद्दल. १५-२० टक्के कमी दराने निविदा भरायची आणि पैसे मात्र दीड वर्षाने घ्यायचे, हे गणित कुठल्याही वहीत जुळत नाही. फार कमी दरासाठी भरावी लागणारी अतिरिक्त सुरक्षा रक्कमही तेवढा काळ अडकते. काम मिळालं नाही याचं दुःख महिनाभर राहतं. चुकीच्या दराने मिळालेलं काम शेत विकायला लावतं. तुम्ही तरुण असाल आणि पहिलंच काम घेत असाल तर कृपा करून ही गोष्ट गांभीर्याने घ्या.

स्वतःची थांबरेषा आखा

या लेखातलं एकच काही लक्षात ठेवायचं असेल तर ते हे.

अमेरिकेतही सरकारी करारांना हप्त्याने निधी देण्याची पद्धत आहे. पण तिथे खर्चाच्या भरपाईवर चालणाऱ्या करारात ठरावीक कलम असतं. पुढच्या ६० दिवसांत आपला खर्च आतापर्यंत दिलेल्या निधीच्या ७५ टक्क्यांवर जाणार असं दिसलं की कंत्राटदाराने लेखी कळवायचं. वाढीव निधी दिला नाही तर दिलेल्या निधीपलीकडे काम करत राहण्याचं त्याच्यावर बंधन नाही. थांबायचं कुठे हे करारच सांगतो.

आपल्या बी-१ नमुन्यातल्या करारात असं कलम नाही. उलट काम रेंगाळलं तर कलम २ खाली दंड तुम्हालाच लागू शकतो. म्हणून रेषा तुम्ही स्वतः आखायची आणि ती ओलांडण्याआधी विभागाला लेखी कळवायचं.

उदाहरण घ्या. ८० लाखांचा गावरस्ता आहे. पहिल्या वर्षी त्यासाठी १६ लाख वितरित झाले. पाऊस संपला, दिवाळीनंतर तुम्ही जोर लावला आणि मार्चपर्यंत ४८ लाखांचं काम केलं. १६ लाख मिळाले, ३२ लाख अडकले. यातली खडी उधारीवर, डांबर रोखीने, यंत्राचं भाडं थकलेलं. हे ३२ लाख शेकडा दोन रुपये महिना व्याजाने उभे केले असतील तर महिन्याला ६४ हजार व्याज. दहा महिन्यांत ६ लाख ४० हजार. पूर्ण ८० लाखांच्या कामात तुम्ही १० टक्के नफा धरला होता, म्हणजे ८ लाख. काम अजून ६० टक्केच झालंय आणि नफ्यातलं बहुतेक सगळं व्याजात गेलं.

आता उलट करून पाहा. काम सुरू करण्याआधी वहीत एक आकडा लिहा : पैसे न येता मी जास्तीत जास्त किती रक्कम, किती महिने अडकवू शकतो? समजा उत्तर आलं, १० लाख, सहा महिने. मग वितरित १६ लाख अधिक १० लाख, म्हणजे २६ लाखांचं काम ही तुमची थांबरेषा. सगळी चालू कामं मिळून हा आकडा एकच ठेवायचा. प्रत्येक कामाला वेगळे दहा लाख धरले तर रेषेला अर्थ राहत नाही.

रेषा जवळ आली की :

- कामाचा असा टप्पा निवडा जिथे थांबलं तरी केलेलं काम खराब होणार नाही. काळ्या मातीच्या पट्ट्यात नुसता मुरूम पसरून पावसाळ्याला सामोरं जाऊ नका. एक किलोमीटर अर्धवट ठेवण्यापेक्षा अर्धा किलोमीटर पूर्ण करा.
- झालेल्या कामाची मोजमापं त्याच आठवड्यात एमबीवर, म्हणजे मोजमाप पुस्तकात, घ्यायला लावा.
- कार्यकारी अभियंत्यांना पत्र द्या : आजवर इतकं काम झालं, इतकं देयक बाकी आहे, पुढील निधी वितरणाचा अंदाज कळवावा, त्यानुसार कामाचा कार्यक्रम देतो.
- मुदतवाढीचा अर्ज वेगळा द्या. बी-१ च्या कलम ६ प्रमाणे अडथळा आल्यापासून ३० दिवसांत तो लेखी द्यावा लागतो. तुमच्या करारातली नेमकी भाषा तपासून घ्या.

काम एकदम बंद करून घरी बसणं मात्र धोक्याचं आहे. करारात थांबण्याचा हक्क नसताना मजूर हलवले तर अनामत जप्त होण्यापर्यंत आणि काळ्या यादीपर्यंत गोष्ट जाऊ शकते. वेग कमी करा, कारण लेखी ठेवा, अधूनमधून थोडं काम दाखवत राहा.

काम चालू असताना होणाऱ्या चुका

तोंडी आदेशावर काम. मंत्र्यांचा दौरा आहे, यात्रा आहे, ‘उद्यापर्यंत खड्डे बुजवा, कागद मागून करू’. असे कागद पुष्कळदा होत नाहीत. करार कायद्याचं कलम ७० म्हणतं की फुकट करण्याचा हेतू नसताना केलेल्या कामाचा लाभ समोरच्याने घेतला तर त्याने भरपाई द्यावी. पण तो रस्ता कोर्टातून जातो. निदान व्हॉट्सअ‍ॅपवर किंवा ईमेलवर ‘आपल्या आजच्या सूचनेप्रमाणे काम सुरू करत आहे’ एवढं तरी लिहून ठेवा.

वाढीव प्रमाण. निविदेतल्या एखाद्या बाबीचं प्रमाण २५ टक्क्यांहून अधिक वाढत असेल तर कलम ३८ लागू होतं आणि वरच्या मंजुरीशिवाय त्याचं बिल होत नाही. निधी आला तरी हे बिल मंजुरीसाठी अडून राहतं. मंजुरी आधी, काम नंतर.

गौण खनिजाच्या पावत्या. मुरूम, खडी, वाळूच्या वाहतुकीच्या परवान्यांचा संच नसेल तर स्वामित्वधन बिलातून कापून घेतात. या पावत्या बिलाच्या दिवशी शोधू नका. ट्रक आला त्या दिवशीच फाइलला लावा.

दोष दायित्व कालावधी. हा काम पूर्ण झाल्याच्या तारखेपासून मोजतात, पैसे मिळाल्याच्या तारखेपासून नाही. बिल बाकी असतानाही खड्डा दुरुस्तीची नोटीस येऊ शकते. दुरुस्ती करा आणि पूर्णत्वाचा दाखला वेळेत घ्या.

जीएसटी. सरकारी बांधकामाच्या कामावर १८ टक्के जीएसटी आहे. पैसे यायच्या आधीच कर भरायची वेळ आली तर तुमच्या भांडवलाला आणखी एक खड्डा पडतो. कराराच्या अटींप्रमाणे कर कधी देय होतो, इन्व्हॉइस कोणत्या टप्प्यावर काढायचं, हे आपल्या सीएकडून काम सुरू करतानाच लिहून घ्या. अडीच लाखांवरच्या करारात विभाग २ टक्के जीएसटी टीडीएस कापतो. तो तुमच्या रोख खात्यात जमा झाला का हे दर महिन्याला पाहा.

मार्चची घाई

निधी वर्षभर सारखा येत नाही. एप्रिलनंतर थोडा, पावसाळी आणि हिवाळी अधिवेशनातल्या पुरवणी मागण्यांनंतर थोडा, आणि मग फेब्रुवारी-मार्चमध्ये एकदम. प्रलंबित बिलांपेक्षा निधी कमी आला की बऱ्याच विभागांत तो थोडा-थोडा वाटून देतात. त्या दिवशी ज्याचं बिल एमबीसह तपासून लेखा शाखेत नोंदलेलं आहे त्याला वाटा मिळतो. ज्याचं बिल अजून शाखा अभियंत्याच्या टेबलावर आहे त्याला मिळत नाही.

तेव्हा ‘निधी आल्यावर बिल करू’ हे ऐकून गप्प बसू नका. निधी येण्याआधीच बिल तयार ठेवायचं असतं. मोजमापाला तुम्ही स्वतः हजर राहा आणि एमबीच्या पानांची प्रत मागून घ्या. गुणवत्ता चाचणीचे अहवाल, रॉयल्टीच्या पावत्या, विमा, मजुरांची नोंद, सगळं डिसेंबरअखेर लावून द्या. विभागीय लेखापालांनी काढलेली त्रुटी लेखी मागा, कारण तोंडी त्रुटी दर आठवड्याला बदलते. आणि ३१ मार्चच्या रात्री कार्यालयाबाहेर गाडीत बसून वाट पाहण्यापेक्षा १५ मार्चला आपलं बिल नेमकं कुठल्या टेबलावर आहे हे माहीत असणं जास्त उपयोगाचं.

बिल पुढे सरकवण्यासाठी कुणी टक्केवारी मागितली तर लाचलुचपत प्रतिबंधक विभागाची १०६४ ही हेल्पलाइन आहे. विभागाची जळगाव आणि धुळे दोन्हीकडे कार्यालयं आहेत.

निवडणुकीच्या काळात ‘आचारसंहिता आहे, बिल काढता येत नाही’ असंही सांगितलं जातं. आचारसंहितेत नवीन काम सुरू करायला मनाई असते. पूर्ण झालेल्या, तपासलेल्या कामाचं देयक देण्याला मनाई नसते. असं उत्तर मिळालं तर ते लेखी द्या म्हणून विनंती करा.

तुम्ही उपमक्तेदार असाल तर

जुलै २०२५ मध्ये सांगली जिल्ह्यात पाणीयोजनेची कामं करणाऱ्या एका तरुणाने आयुष्य संपवलं. कामाचे पैसे अडकले होते, असं त्याच्या घरच्यांनी आणि कंत्राटदार संघटनांनी सांगितलं. त्याच्या नावावर काम नव्हतं, असं शासनाच्या बाजूने सांगितलं गेलं. दोन्ही वाक्यं मनाला लागतात, पण दुसऱ्या वाक्यातून कायद्याची बाजू कळते. ज्याच्या नावावर करार नाही त्याचं विभागाकडे काहीच घेणं नसतं. तो माती, पाइप, मजूर, सगळं स्वतः घालत असला तरी.

दुसऱ्याच्या परवान्यावर काम करत असाल तर निदान एवढं करा : मूळ मक्तेदाराशी मुद्रांकावर लेखी करार, त्यात बिल जमा झाल्यापासून किती दिवसांत पैसे द्यायचे ते स्पष्ट, दर महिन्याला झालेल्या कामाच्या हिशेबावर त्याची सही, आणि पैशांचे सगळे व्यवहार बँकेतून. ‘शासनाने दिले की देतो’ एवढीच अट असेल तर त्याला जास्तीत जास्त किती महिने, ही मर्यादा घाला. करारात विभागाच्या परवानगीशिवाय उपमक्ता द्यायला बंदी असते, तेव्हा परवानगी मागायला मूळ मक्तेदाराला लावा. तो टाळत असेल तर ते काम घेऊ नका.

बिल अडलं तर हक्काची वाट

क्रमाने जा. मधली पायरी सोडून एकदम कोर्ट गाठलं तर कागद कमी पडतात.

१. कबुली मिळवा. ‘आपले अमुक रकमेचे देयक मंजूर असून निधीअभावी प्रलंबित आहे’ असं विभागाचं सहीचं पत्र ही तुमची सगळ्यात मोठी संपत्ती. ते मिळालं नाही तर माहितीच्या अधिकारात प्रलंबित देयकांची यादी घ्या.

२. तीन वर्षांची मुदत विसरू नका. पैशाच्या दाव्याला साधारण तीन वर्षांची मुदत असते. तुम्ही दर महिन्याला स्मरणपत्र पाठवलं म्हणून ती वाढत नाही. साहेबांनी तोंडी आश्वासन दिलं म्हणूनही वाढत नाही. मुदत संपण्याआधी विभागाने सहीनिशी देणं कबूल केलं तर त्या तारखेपासून ती नव्याने सुरू होते. कितीतरी चांगले दावे केवळ भलेपणाने वाट पाहण्यात बुडतात.

३. व्याजाची नोटीस द्या. व्याज अधिनियम १९७८ प्रमाणे ‘या तारखेपासून व्याज मागणार आहे’ अशी लेखी मागणी केली असेल तर तिचा पुढे आधार मिळतो. करारात व्याज नाकारणारं स्पष्ट कलम असेल तर अडचण येते, तरी नोटीस द्यायला काही जात नाही.

४. दाव्याआधीची नोटीस. राज्य शासनावर दावा लावायचा तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० खाली दोन महिन्यांची नोटीस लागते. जिल्हा परिषद आणि महापालिका यांच्या कायद्यांत नोटिशीचे आणि मुदतीचे स्वतंत्र नियम आहेत, ते वकिलाकडून वेळेत तपासून घ्या. तीन लाखांवरचे बांधकाम करारांचे वाद वाणिज्यिक न्यायालयाकडे जातात आणि तातडीचा आदेश मागायचा नसेल तर आधी मध्यस्थी करावी लागते.

५. उच्च न्यायालय. जळगाव आणि धुळे हे मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाखाली येतात. रकमेबद्दलच वाद असेल तर रिट याचिकेत सहसा दाद मिळत नाही. रक्कम विभागाने मान्य केलेली आहे आणि फक्त देत नाही, अशा वेळी मात्र रिट चालू शकते, असं सर्वोच्च न्यायालयाने म्हटलेलं आहे. म्हणून पहिली पायरी, कबुलीचं पत्र, इतकी मोलाची.

आणखी एका मार्गाबद्दल बराच गोंधळ आहे. एमएसएमई कायदा २००६ प्रमाणे सूक्ष्म आणि लघु उद्योगाचे पैसे जास्तीत जास्त ४५ दिवसांत द्यावे लागतात. उशीर झाला तर रिझर्व्ह बँकेच्या बँक दराच्या तिप्पट दराने चक्रवाढ व्याज मिळतं, आणि तक्रार सुविधा परिषदेकडे करता येते. आपल्या विभागाची परिषद नाशिकला आहे. पण रस्ता, इमारत, पाणीयोजना अशी बांधकामाची कंत्राटं या कायद्याखाली येत नाहीत, अशी भूमिका मुंबई उच्च न्यायालयाने अनेक निकालांत घेतली आहे. तेव्हा केवळ एमएसएमईची ‘उद्यम’ नोंदणी आहे म्हणून मक्तेदाराने इथे वेळ घालवण्याआधी वकिलाचं मत घ्यावं. पाइप, पंप, फर्निचर, संगणक असा निव्वळ पुरवठा केला असेल तर हा मार्ग उत्तम आहे. नोंदणी मात्र करार होण्याआधीची हवी.

हाच कायदा उलटाही फिरतो. तुम्ही ज्याच्याकडून पेव्हर ब्लॉक किंवा पाइप घेता तो नोंदणीकृत सूक्ष्म किंवा लघु उत्पादक असेल तर त्याचे पैसे तुम्हीही मुदतीत द्यायला बांधील आहात. नाही दिले तर आयकर कायद्याप्रमाणे तो खर्च, पैसे देईपर्यंत, वजावटीला मिळत नाही. सरकारने मला दिले नाहीत हे कारण तिथे चालत नाही.

बँक, सावकार आणि घर

हप्ता थकायची चिन्हं दिसताच बँकेत जा, खातं बिघडायची वाट पाहू नका. ९० दिवस थकलं की खातं एनपीए होतं आणि पुढच्या निविदेसाठी बँक हमी मिळणंही अवघड होतं. रिझर्व्ह बँकेच्या २०१६ च्या परिपत्रकाप्रमाणे २५ कोटींपर्यंतची कर्जं असलेल्या एमएसएमई उद्योगांसाठी बँकेत पुनरुज्जीवनाची समिती असते. कर्जदार स्वतःही तिथे अर्ज करू शकतो. इथे उद्यम नोंदणी कामाला येते. अर्जासोबत विभागाचं कबुलीपत्र जोडा. तारणाशिवाय कर्ज हवं असेल तर सूक्ष्म-लघु उद्योगांच्या पतहमी योजनेची मर्यादा १ एप्रिल २०२५ पासून दहा कोटी झाली आहे, त्याबद्दल विचारा.

कोऱ्या धनादेशावर, शेताच्या खरेदीखतावर पैसे घेऊ नका. घेतले असतील आणि समोरच्याकडे सावकारीचा परवाना नसेल तर महाराष्ट्र सावकारी (नियमन) अधिनियम २०१४ खाली जिल्हा उपनिबंधक, सहकारी संस्था यांच्याकडे तक्रार करता येते. चौकशीत अवैध सावकारी सिद्ध झाली तर लिहून दिलेली जमीन परत मिळवण्याची तरतूद त्या कायद्यात आहे. मन फारच खचलं, रात्र-रात्र झोप येईनाशी झाली तर १४४१६ या टेलिमानस क्रमांकावर कोणत्याही वेळी बोला. फोन मोफत आहे, मराठीतही बोलता येतं.

शेवटचं काम आजच करण्यासारखं आहे. घरात एक फाइल करा आणि ती कुठे आहे हे पत्नीला, मुलाला, भावाला सांगून ठेवा. तुम्ही आजारी पडलात किंवा बरं-वाईट झालं तरी केलेल्या कामाचे पैसे वारसांना मागता येतात, पण कागद हाती असतील तरच. फाइलमध्ये पुढचे कागद हवेत :

- प्रत्येक कामाचा कार्यारंभ आदेश आणि कराराची प्रत
- एमबीच्या पानांच्या प्रती, बिल सादर केल्याची पोच
- अनामत आणि सुरक्षा रकमेच्या पावत्या, त्या परत मिळण्याची तारीख
- विभागाचं कबुलीपत्र आणि तीन वर्षांची मुदत कधी संपते ती तारीख, मोठ्या अक्षरात
- कुणाचं किती देणं आहे याची एक साधी यादी, तारखेसह